दोन हातांची देवी

...आणि वर मलाच विचारतात, "आप्पा, देवीचे बाकीचे सहा हात कुठे गेले?" अहो, मी खाल्ले का? तुम्हाला सांगतो, जन्मभर कचेरीत साहेब म्हणतील ते लिहिलं. पेन्शनीत आल्यावर म्हटलं, देवीच्या उत्सवाला एक नाटक तरी आपल्या मनचं लिहू. महिषासुराचा वध. बोर्डावर माझं नाव! लेखक मी हो, लेखक मी!

तर मुंबईहून आमच्या गावचा रावजी आला. गिरणीत जॉबर, म्हणजे मुकादम, म्हणजे त्रैलोक्याचा जाणकार. म्हणे, "आप्पा, जमाना बदलला! आठ हात कोण बघतो आता? दोन ठेवा. त्रिशूळ नको, चष्मा द्या. आणि वध कशाला? देवी उपदेश करील, राक्षस सुधारेल, श्रमदानाला जाईल!" उत्सव समितीच्या टाळ्या! राक्षस कोण? रावजीच. स्वतः मरायला कोणाला आवडतं? आणि मी बसलोय खाडाखोड करत... लेखक मी हो, लेखक मी!

आता आमच्याकडची रीत अशी, की राक्षस पडला की बायका उठून देवीची ओटी भरणार. ओटी नाही, तर देवी आलीच नाही, नाटक पाण्यात! पुढे बायका खण-नारळ मांडीवर घेऊन ताटकळलेल्या, आणि आमचा काशीराम देवी झालेला, डोळ्यांवर चष्मा, हातात पर्स, राक्षसाला श्रमाचं महत्त्व सांगतोय... सांगतोय... एक बाई हलेल तर शपथ! माझा जीव टांगणीला.

शेवटी उठली ती येसूबाई, रावजीची आई. "काशीराम, मेला काय रे तो?"

"नाय काकी, सुधारला."

"सुधारला? ह्याचा बापूस दर सोमवारी सुधारतो! मार त्याला!"

काशीराम पर्समध्ये बघतो. त्रिशूळ कुठला? तो माझ्या माळ्यावर! तशी ही बाई पदर खोचून वर चढली, नारळ उगारला... "आये, सुधारलो गो मी!" म्हणत रावजी जो आडवा झाला, तो पडदा पडेपर्यंत उठला नाही. आणि बायका उठल्या हो, झाडून साऱ्या! ओटी भरली... येसूबाईची.

पुढच्या वर्षी देवी येसूबाईच, समितीनं ठरवलं. मी विचारलं, "संवाद?" तर म्हणते, "माझं मला येतं, आप्पा. तुम्ही पडदा ओढा."

बोर्डावर नाव आहे अजून. लेखक मी हो... फक्त ती पडद्याची दोरी जरा हाताला काचते.