तिवारीजींची सही

बाबा ती केस का लढले नाहीत, ते सांगतो. झाशीच्या बड्या बाजारातल्या एका दुकानदाराने जुन्या वचनचिठ्ठीवरून दावा लावला. पैसे बाबांनी फेडले होते, पण पावती नव्हती. अशा दाव्यात आपली बाजू मांडायलाही कोर्टाची परवानगी लागते.

वकील म्हणाले, "गवाह से लिखवाकर लाइए."

पैसे देताना रेल्वेतले मित्र तिवारीजी शेजारीच होते. आम्ही मऊरानीपुरला त्यांच्या घरी गेलो. तिवारीजी हसून बाबांना म्हणाले, "भाईसाहब, आप कौन?"

सून ओशाळली. "बाबूजी सब भूल गए हैं. कागज़ दीजिए, साइन तो कर देंगे."

बाबांनी कागद काढलाच नाही. बसमध्ये एवढंच म्हणाले, "त्याने मला ओळखलं नाही रे."

परवानगी मिळाली नाही. तीच रक्कम बाबांनी पेन्शनमधून दुसऱ्यांदा फेडली.