भालेरावांची काढलेली चिठ्ठी

मंडळी, कुणी शहराच्या टोकाच्या वृंदावन योजना वसाहतीतून आलात, कुणी छावणी भागातून, काहीजण ऑफिस अर्ध्यावर टाकून अलीगंजच्या या हॉलमध्ये शोकसभेला आलात. भालेरावांना संकोच वाटला असता. मला बोलायला सांगितलं तेव्हा मी आधी नाही म्हणाले, मग हो म्हणाले, आणि काल दुपारपासून पुन्हा नाही म्हणावंसं वाटत होतं. माझं लांबलं तर सांभाळून घ्या, पण मध्ये थांबवू नका. एकदा थांबले तर पुढचं माझ्याने बोलवणार नाही.

ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी सांगते. मी सुमन जोगळेकर. दत्तात्रय भालेराव आणि मी एकाच संस्थेत होतो. मी शास्त्रज्ञ, जुन्या, दगड झालेल्या वनस्पतींची. ते आमच्या संग्रहालयात. कोळशाच्या खाणींतून दगड यायचे, त्यांतले जीवाश्म मायक्रोस्कोपखाली सुईने मोकळे करायचे, खोक्यात नीट ठेवायचे, हे त्यांचं काम. कागदोपत्री मी त्यांची साहेब होते.

आपल्या इथल्या मराठी मंडळाची मुलं संस्था बघायला यायची, तेव्हा मुलांना कोण हवं असायचं? मी नाही. भालेराव. ते म्हणायचे, भिंतीवरून जातो, हात लावला की वेटोळं करतो, तो वाणी किडा पाहिलाय ना? तसाच एक पूर्वी होता, माणसापेक्षा लांब. आणि एक चतुर होता, त्याचे पंख जवळजवळ कावळ्याएवढे. इथेच वाढलेली मुलं हिंदीत विचारायची, अंकल, काटता था क्या? भालेराव मराठीतच उत्तर द्यायचे. वाणी बहुतेक पाला खात असावा, पण पाहिलंय कुणी? न पाहिलेलं ते ठामपणे कधीच सांगायचे नाहीत.

आता आमच्याकडची एक रीत सांगते. प्रत्येक दगडाच्या खोक्यात एक चिठ्ठी असते. हे काय आहे, कोणी ठरवलं, कधी. उद्या दुसऱ्या कुणाला वेगळं वाटलं तर त्याने आपली चिठ्ठी वर ठेवायची. जुनी काढायची नाही. ती साफ चुकीची असली तरी काढायची नाही. नव्या माणसाला ही रीत भालेराव पहिल्याच दिवशी शिकवायचे. मलाही त्यांनीच शिकवली. मी डॉक्टरेट घेऊन आले होते आणि हे मला ठाऊक नव्हतं.

एका खोक्यात तळहाताएवढा एक तुकडा होता. उसाला असतात तशी पेरं दिसत होती. मी त्याला खोड म्हटलं. त्यावर लेख लिहिला, लेख छापून आला, माझं नाव झालं. आम्ही सगळे झाडांचे लोक. पेरं दिसली की आम्हाला खोडच दिसतं. पुढे भालेराव तो तुकडा पुन्हा साफ करत होते, तेव्हा त्यांना पेरांच्या कडेला बारीक खुणा दिसल्या. दर पेराला, दोन्ही बाजूंना. पाय जोडलेले असावेत तशा. त्यांनी मला बोलावलं. मी मायक्रोस्कोपात अर्धा मिनिट पाहिलं असेल. म्हटलं, भालेराव, आपल्या दगडांत असलं काही सापडत नाही. ते म्हणाले, अच्छा. आणि त्यांनी चिठ्ठी ठेवली. "खोड नसावे. प्राणी असावा. पुन्हा पाहावे." खाली सही, तारीख.

काही दिवसांनी बाहेरून पाहणीला माणसं येणार होती. तो ड्रॉवर उघडला जाणार होता. माझं नाव झालेला तुकडा, आणि त्यावर संग्रहालयातल्या माणसाची चिठ्ठी. मंडळी, ती चिठ्ठी मी काढली. पर्समध्ये टाकली आणि घरी जाऊन फाडली.

आठवड्याने भालेराव माझ्या खोलीत आले. उभेच राहिले. म्हणाले, "मॅडम, माझं चुकलं असेल तर तुमची चिठ्ठी वर ठेवायची होती. ती काढायची नव्हती."

मी म्हटलं, "कुठली चिठ्ठी?"

एवढंच. दोन शब्द. त्यांनी माझ्या तोंडाकडे पाहिलं, अच्छा म्हणाले आणि गेले.

त्यानंतर सहा वर्षं आम्ही एकत्र काम केलं. त्या चिठ्ठीविषयी ते कधी एक शब्द बोलले नाहीत. मला वाटायचं, किती मोठ्या मनाचा माणूस. सोयीचं होतं ना तसं वाटणं? पुढे एकदा बातमी आली. परदेशात कड्यावरून कोसळलेल्या दगडात त्या मोठ्या वाणीचं अंग सापडलं होतं. भालेराव कँटीनमध्ये सगळ्यांना पेपर दाखवत होते, खुशीत होते. मी आत आले तसा त्यांनी पेपर घडी करून खिशात ठेवला आणि मला विचारलं, चहा घेणार का? मनाचा मोठेपणा असला तरी माझ्यावरचा विश्वास गेला होता, हे मला त्या दिवशी कळलं. तरीही मी बोलले नाही. त्यांच्या निरोपसमारंभात मी भाषण केलं. तुमच्यापैकी काहींनी टाळ्याही वाजवल्या होत्या.

ते गेले त्याच्या पाचव्या दिवशी गौरी, त्यांची मुलगी, माझ्याकडे आली. हातात एक वही. त्या प्रसंगानंतर भालेराव लिहिलेल्या प्रत्येक चिठ्ठीची नक्कल या वहीत करून घरी ठेवायचे. माझ्यामुळे, मंडळी. पहिल्याच पानावर ती चिठ्ठी होती, आठवून लिहिलेली, शब्दाला शब्द. खाली एक ओळ: "ही काढली गेली. कोणी, ते मी पाहिले नाही." त्यांना माहीत नव्हतं का? माझ्या तोंडावर त्यांनी ते वाचलं होतं. पण पाहिलं नव्हतं, म्हणून लिहिलं नाही.

गौरीने विचारलं, "आंटी, ये किसने निकाली थी? पापा को वहम तो नहीं था ना?"

आणि मी म्हटलं, "बेटा, बहुत पुरानी बात है. याद नहीं."

आयुष्य दगडांत घालवलेल्या बाईने एका मुलीला सांगितलं की जुनं आठवत नाही. ती वही घेऊन जिना उतरली. तिच्या वडिलांना भास झाला होता असंच समजून उतरली असेल.

तो तुकडा खोड आहे की प्राणी, हे मला आजही माहीत नाही. संस्थेत आता जी तरुण मंडळी आहेत त्यांना मी आज सकाळी पत्र दिलंय. प्राण्यांच्या जाणकाराकडे पाठवा म्हटलंय, आणि मला त्यात घेऊ नका म्हटलंय. खोड निघालं, तर भालेराव चुकले असं जरूर म्हणा. पण वहीतून उतरवलेली त्यांची चिठ्ठी खोक्यात ठेवून म्हणा.

वहिनी, तुमच्यासमोर मान वर करायची माझी लायकी नाही. माफी मागत नाही, कारण ती देऊ शकणारा माणूस आता नाही. गौरी, तुझ्या बाबांना भास झाला नव्हता. त्यांनी जे पाहिलं तेच लिहिलं होतं. वही आणलीस ना? इकडे दे. त्या ओळीखाली मी लिहिते आहे, सगळ्यांदेखत. "मी काढली. सुमन जोगळेकर." आणि आजची तारीख.

आता आपण भालेरावांसाठी दोन मिनिटं शांत उभे राहू या. नंतर कुणी माझी समजूत काढायला येऊ नका. आधी वहिनींकडे जा.