अस्वल आणि भात

हवामानबदलावरच्या माहितीपटाचं निवेदन मावळी बोलीत लिहून द्याल का, असं अमृतानं पत्रातून विचारलं होतं. आपल्याला काय जमणार, म्हणून भिकाजी गुरुजींनी उत्तर दिलंच नव्हतं. आज वडगावच्या पोस्टात, रांगेत पुढं दोन बाया बोलत होत्या.

“समाजमंदिरात हवामानाचा पिच्चर दावला. बर्फ वितळतंय, अस्वल पोहतंय.”

“मग?”

“आबा म्हणले, वलवणच्या धरणात आणून सोडा त्याला.”

“आन कापणीला पाऊस येऊन आपला भात आडवा झाला, ते?”

“न्हाई दावलं. पिच्चरवाली अमृता म्हणली, तुमच्या बोलीत लिवणारं माणूसच गावंना.”

“मग आता?”

“हाय तसाच दावत फिरती बिचारी.”

गुरुजींनी पोस्टकार्ड घेतलं. ‘लिहून देतो. सुरुवात भातापासून करू,’ असं खिडकीशी उभ्यानंच लिहून त्यांनी ते पेटीत टाकलं.