खाली दिलेली गादी

हॅलो?… हां, धाकटे, बोल… नाही गं, निकाल नाही अजून. जज जेवायला गेलेत. जामिनाचं सुट्टीनंतर सांगतो म्हणाले… मी कसली जेवतेय. कोर्टाच्या जिन्याखाली उभी आहे. हळूच बोलतेय, त्या डॉक्टरचा वकील पलीकडे चहा पितोय.

ठकू काय करतेय?… झोपलीय? बरं, नको उठवूस. आईचा फोन म्हटलं की आधी निकाल विचारेल.

हो, हो… अगं ऐक ना. मला वाटलं होतं, त्यानं माझ्या लेकीचं काय केलं ते आज विचारतील. तसं नसतं म्हणे. ते खटल्यात. आज फक्त एवढंच, की खटला संपेस्तोवर आत ठेवायचा की बाहेर सोडायचा. गुन्हा किती मोठा ते बघतात, पण मग बघतात, हा पळून जाईल का, पुराव्याशी खेळेल का, साक्षीदाराला दमदाटी करेल का… हो ना. तर त्याचा वकील म्हणतो, पळणार कुठे, डॉक्टरांचा दातांचा दवाखाना आहे, घर आहे, पोलिसांचा तपासही संपलाय. वर आणि काय म्हणाला ठाऊक आहे? काउंटरवरची मुलगी दुसऱ्या दिवशी कामावर आलीच होती की. माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली… नाही, जजच म्हणाले त्याला, ते आत्ता नको. 

मग आपल्या वकीलबाई उठल्या. सरकारी, हो, त्याच. म्हणाल्या, दवाखान्यात झाडलोट करणारी बाई एकमेव साक्षीदार, आणि मुलीचं घर दवाखान्यापासून हाकेच्या अंतरावर. हा सुटला तर दोघींची तोंडं बंद करेल. तेव्हा त्याचा वकील म्हणतो, मग ते त्या भागात पाऊलच ठेवणार नाहीत. पार दुसऱ्या टोकाला बहिणीकडे राहतील… वकीलबाईंनी वळून माझ्याकडे बघितलं. मी मान हलवली. म्हटलं, जा बाबा, जितका लांब जाशील तितका बरा…

कुठे म्हणजे? बेकरीच्या मागच्या गल्लीत म्हणे. पाण्याच्या टाकीसमोरची इमारत, तळमजला…

हॅलो?… धाकटे?… ऐकू येतंय ना?

काय?

काय बोलतेस तू… तुझी इमारत? अगं पण तू तर… मला कसं माहीत असणार? ठकूला तुझ्याकडे ठेवलं तेव्हा मीच म्हटलं होतं ना, पत्ता सांगूच नकोस, माझ्या तोंडून कुठे निसटायला नको. तू नवीन घर घेतल्यापासून मी एकदासुद्धा आले नाही, माझ्या मागे कुणी येऊ नये म्हणून…

खालची बाई? कोण, ती शिलाईवाली? जी ठकूला काजं करायला शिकवते ती?… तिचा भाऊ… राहायला येणार म्हणाली? कधी?… आणि गादी? तू गादी दिलीस तिला?… ठकूनं नेऊन दिली खाली?

थांब. थांब जरा. मला बसू दे.

नाही, नाही… तुझी काय चूक. शेजारीण मागते, आपण देतो. तिला ठकू कोण ते माहीत आहे?… भाची म्हणूनच ना? नक्की? तिनं काही विचारलं नाही ना? तो मुद्दाम तर येत नाहीये?… एवढ्या मोठ्या शहरात त्याला तेवढीच बहीण आणि तुला तेवढीच इमारत. आगीतून काढली पोरीला आणि मीच मान हलवून फुफाट्यात टाकली.

हो, सांगायलाच हवं वकीलबाईंना. पण कसं सांगू? तिथे नको म्हटलं, की का नको विचारतील. बंद दाराआड सांगितलं तरी त्याचा वकील तिथे असणारच. म्हणजे ठकू कुठे आहे ते त्याला आज कळलं. आणि नाही सांगितलं, तर उद्या जिन्यातच गाठ… मला सुचत नाहीये. तू सांग काय करू…

कोण? उठली? सगळं ऐकलं तिनं?… दे तिच्याकडे.

ठकू… बाळा… नाही, मी रडत नाहीये. ऐक, तू संध्याकाळच्या आत मावशीबरोबर दुसरीकडे… काय?… हो, पण… ठकू, ऐक माझं…

किती घरं बदलणार म्हणजे काय, लागतील तेवढी बदलू… हो. हो, कळतंय मला. तोंड लपवायचं काम तुझं नाही, मान्य. पण मला भीती वाटते गं. रोज वाटते… तुलाही?… मग?

कसला आवाज तो? बेल? कोण आहे?… खालची बाई? काय हवंय तिला?… उशी?

ठकू, दार उघडू नकोस. मावशीला जाऊ दे. ठकू… हॅलो?…

…

धाकटे, तू आहेस का? ऐकलं मी. फोन तिच्या हातातच होता ना, सगळं ऐकलं. “तुमच्या भावाच्या दवाखान्यात काउंटरवर होते, ती मीच.” अस्संच म्हणाली ना?… बाई काय म्हणाली?… दारातच खाली बसली?

आणि ठकू?… पाणी दिलं तिला? ठकूनं?

बरं… बरं, कडी लावून घ्या. तिच्याजवळून हलू नकोस. नाही, मला हाक मारतायत आतून, सुट्टी संपली. वकीलबाई दारात उभ्या आहेत… हो, सांगते. त्याच इमारतीत माझी पोर आहे म्हणून सांगते. पोरीनं स्वतः सांगितलं, आता मी कशी गप्प बसू… ठेवते.