भांड्यावरची सुनंदा

माझं मूळ नाव लीला. दुधनीची मी, अक्कलकोट तालुक्यातली, घरात आमी कानडी बोलायचो आन शाळंत मराठी, आप्पा अडतीवर तुरीची पोती उचलायचे आन अव्वा, माझी आई, मी ल्हान असतानाच गेली, म्हणून भाकरी थापायला मला आप्पांनी शिकवलं. अव्वाच्या पितळी परातीत. बापानं शिकवलेली भाकरी, पर माझ्यासारखी पातळ ह्या गल्लीत कुणाची व्हत न्हाय, ह्ये मी न्हाय म्हणत, गिऱ्हाईक म्हणतंय.

लग्न ठरलं टेंभुर्णीला. सुपारी फुटली त्याच दिवशी सासू म्हणली, पोरीचं नाव आमी सुनंदा ठिवणार, आत्ताच सांगते, म्हंजी भांड्यावर घालायला बरं पडंल. आमच्याकडं लेकीला देतात त्या भांड्यावर नाव कोरून देतात की, तसं. आप्पांनी अव्वाची परात काढली, तांब्याची घागर काढली, स्टीलचं नवं घेतलं आन सगळ्यावर सौ. सुनंदा आन पुढं सासरचं आडनाव कोरून आणलं. मावशी म्हणली, अवो, बारीक अक्षरात बापाकडून लेकीला असं तरी घाला. आप्पा म्हणले, नको, व्याह्याला बोचंल, आता पोरगी त्यांचीच झाली की. काय सांगू तुम्हाला, तितंच चुकलं. मांडवात नवऱ्यानं ताटातल्या तांदळात अंगठीनं सुनंदा लिवलं आन लीला संपली.

नवरा ट्रकवर, सारखा भाईर. सासू बोलायला तिखट, पर मी म्हणायचे, असतात सासवा अशा. मग एका पंचमीला म्हायेरी आले आन मला न्यायलाच कुणी आलं न्हाय. मी पिशवी भरून बसलेली. आप्पा जाऊन आले, सासू म्हणली बघू, परत गेले, परत बघू. आन मग एकदम घटस्फोटाची नोटीस, त्यात काय, तर मी नांदायला येत न्हाय. पिशवी तशीच भरलेली हो माझी, खुंटीला.

सोलापूरच्या कोर्टात वर्सं गेली. त्यातच आप्पा गेले. वकीलबाईंनी इचारलं, तुला पायजे काय? मी म्हणले, नवरा नको, माझ्या अव्वाची परात पायजे. मला वाटलं हसतील, तर हसल्या न्हाईत. म्हणल्या, बापानं दिलेलं ते स्त्रीधन, घटस्फोट झाला तरी तुझंच, सासरचा त्याच्यावर हक्क न्हाय. मला ठावंच नव्हतं, मी समजायचे की दिलं ते गेलं. फारकत झाली आन कोर्टानं सांगितलं, हिची भांडी, दागिने हिला परत करा. दागिने त्यांनी कवाच मोडलेले, त्याचं अजून चालूच हाय.

भांडी आणायला गेलो, मी, कोर्टाचा बेलीफ आन एक पोलीसबाई. फळीवर भांडी घासूनपुसून लावलेली. सासू म्हणली, ही सुनंदाची हायत. मी म्हणले, व्हय, माझीच. ती म्हणली, तुझी कशी, तू तर परत लीला झालीस. आन आत वळून हाक मारली, सुनंदा, ये गं भाईर. मी ओ दिली. खरं सांगते, तोंडातनं ओ गेली माझ्या. आन आतनं दुसरीच पोरगी आली, हाताला पीठ, गळ्यात नवं मंगळसूत्र.

बेलीफ भांड्यावरचं नाव वाचतोय आन आमच्या दोघींकडं बघतोय. पोलीसबाईनं पोरीला इचारलं, म्हायेरचं नाव काय गं? तिनं सासूकडं बघितलं. म्हणली, रेखा. पैली सून वारली, तिचं नाव चालवायचं म्हणून मला सुनंदा केलं. मी जित्तीजागती तिच्यासमोर उभी. मला मारून टाकलं की हो त्यांनी, भांड्यासाठी. मी म्हणले, बाई, ती पैली मीच. पोरगी आत गेली, परातीतलं मळलेलं पीठ ताटात काढलं, परात इसळली आन भाईर आणली. सासू वरडतीया, ठिव ती खाली. तिनं ठिवली न्हाय, माझ्या हातात दिली.

आमी सगळं टेंपोत घातलं. तिच्या बापानं काहीच दिलेलं नव्हतं, तिचं म्हणून त्या घरात एक वाटी न्हाय. घागर मी खाली उतरवली. पोलीसबाई म्हणली, अगं तुझी हाय ती. मी म्हणले, राहू द्या, नाव तिचंच हाय. फोन नंबर तेवढा दिला तिला.

आता मी हितं सोलापुरात शुक्रवार पेठेत ऱ्हाते, कडक भाकरी करून इकते, बरं चाललंय. बाया म्हणतात, परातीवरचं नाव घासून टाक. राहू दे की, तिच्यात पीठ तर मीच मळते. परवा रेखाचा फोन आला, लई खुशीत होती, ताई, पंचमीला मला भावाकडं धाडणार हायत. माझा हात परातीतच थांबला. मी म्हणले, जा बाई, सुखानं जा, पर घागर संगं घेऊन जा.