प्रिंटरनं काढलेली रेघ

…अहो, ती पिशवी नका सरकवू! डबा आडवा झाला की तेल सांडतं, लोणचं आहे आत, आणि ते माझं नाही, मी नुसती वाहून राहिली… बसा, बसा, मंडळाच्या कार्यक्रमाचे पाहुणे अजून मोटरवेवर अडकलेत म्हणे, तोवर माझं डोकं काहून तापलंय ते ऐका. तुम्ही सगळे शिकलेले, पुण्याचे, मुंबईचे, नागपूरचे, दिवसभर स्क्रीनवर चौकोन आखून पोट भरणारे, तर मला फक्त एवढं सांगा… रेघ कुठाय?

कसली रेघ म्हणजे? पंजाबीची! पंजाबी कुठं संपते आणि तिच्या शेजारची बोली कुठं सुरू होते, ती रेघ! हसा, हसा. तुमच्या ताटाला कोणी हात लावला नाही ना, म्हणून हसू येतं. माझं जेवणाचं टेबल फाडलंय हो त्या रेघेनं, मधोमध!

तुम्हाला सांगते, बर्मिंगहॅमहून कॉव्हेंट्रीला जाताना तुम्ही ट्रेनमध्ये डुलक्या घेता, त्या डुलकीत आमचं गाव निघून जातं. तिथं म्हाताऱ्यांचं डे सेंटर आहे. मंगळवारी कौन्सिलची मिनीबस दारात येते, एकेकीला वर चढवते, डाळ-रोटी खाऊ घालते आणि दुपारी परत दारात आणून टाकते. आणि तिथं रेडिएटरला लागून, खिडकीपाशी, आमचं टेबल. तिघींचं. एक गुरमेज कौर, जालंधरकडची, आवाज असा की मिनीबसला हॉर्नची गरज नाही. दुसरी फजलानबी, मीरपूरकडची, म्हणजे पाकिस्तानच्या बाजूचं काश्मीर. तिचं गाव मोठ्या धरणात बुडालं, म्हणून तर ही सगळी माणसं इकडे आली. आणि तिसरी मी, कांताबाई वानखडे, जिल्हा अमरावती, शाळा चौथीपर्यंत आणि बाकीचं सगळं माझं मी. इंग्रजी टीव्हीपुढं बसून आणि लायब्ररीत जाऊन शिकली, आणि पंजाबी? आमचे हे कारखान्यात लागले तेव्हा अख्ख्या गल्लीत मराठी घर एकच, आमचं. बोलायचं कोणाशी, भिंतीशी? मग अर्धी पंजाबी गुरमेजच्या चुलीपाशी शिकली आणि अर्धी फजलानबीच्या शिलाई मशीनपाशी. झाली एक. चाळीस वर्षं चालून राहिली, कुठं अडली नाही!

आता त्या दोघींची बोली एक का? नाही, बाप्पा! गुरमेज 'मला' म्हणायला म्हणते 'मैनूं', फजलानबी म्हणते 'मिकी'. गुरमेजचा 'दा', म्हणजे आपला 'चा', तिच्याकडं 'ना' होतो. आणि त्यावरून दर मंगळवारी भांडण!

"नी फजलां, मिकी-तुकी, मिकी-तुकी! तोंडात चिमण्या पाळल्यास का गं?"

"आणि तू 'मैनूं' म्हटलंस की दारात मांजर येऊन बसतं, त्याचं काय?"

मग गुरमेज टेबलावर हात आपटणार, फजलानबी दुपट्ट्यात तोंड लपवून हसणार, आणि मी दोघींच्या वाट्याचा पापड खाऊन टाकणार. असं चालायचं. आणि एक ध्यानात ठेवा, फजलानबीला ऐकू येत नाही. कापडगिरणीत कान गेले. ती ओठ बघते. आणि सगळ्यांचे नाही हो बघत, डॉक्टरचे कळत नाहीत, सुनेचे कळत नाहीत, गुरमेजचे आणि माझेच कळतात. फोन तिच्या काय कामाचा? मुलगा टॅक्सी चालवतो, जगाला विमानतळावर सोडतो, आईला गुरमेजच्या दारात सोडायला त्याला वेळ नाही. म्हणजे मंगळवार गेला की तिचं बोलणंच गेलं. कळलं? बास. मग सांगा, रेघ कुठाय?

तर आली एक दिवस एक पोरगी. ऋजुता. पुण्याची. विद्यापीठात पंजाबीच्या बोलींचा अभ्यास करते, नकाशा करायचाय म्हणे. मी म्हटलं, पुण्याची पोरगी इंग्लंडात येऊन पंजाबी मोजणार, काय वाईट आहे? गळ्यात हेडफोन, हातात रेकॉर्डर, आणि सगळ्यालाच… "अय्या, किती इंटरेस्टिंग!"

"आजी, तुम्ही 'मी शिकली' म्हणालात? 'करून राहिली' म्हणालात? किती इंटरेस्टिंग! रेकॉर्ड करू?"

"काहून गं? मी काय संपत आलेलं पाखरू आहे?"

पण पोरगी वाईट नाही, खोटं कशाला बोलू. गुरमेजला बोलतं करायला अर्धा मिनिट लागला आणि गप्प करायला सगळी दुपार. फजलानबीला तिनं माझ्या तोंडून विचारलं, तुमचं गाव कुठं, ठिपका कुठं देऊ? फजलानबीनं लॅपटॉपवर बोट ठेवलं ते थेट निळ्या पाण्यात. पोरगी म्हणाली, "इथं तर धरण आहे, नानी." फजलानबी म्हणाली, "मग पाण्यात दे. आम्ही तिथंच बोलायचो." आणि तिनं दिला हो. पाण्यात ठिपका दिला. तिथं मला ती पोरगी आवडली.

नंतर तिनं नकाशा दाखवला. काय सुरेख! गुरमेजच्या बाजूला हळदीसारखा पिवळा, फजलानबीच्या बाजूला वांग्यासारखा जांभळा, आणि मध्ये रंग असे एकात एक विरघळत गेलेले की कुठं पिवळं सुटलं आणि कुठं जांभळं धरलं, बोट ठेवून दाखवता येऊ नये.

मी म्हटलं, "यात रेघ कुठाय?"

"रेघ नाहीच ना, आजी! या गावाचं पुढच्या गावाला कळतं, त्याचं त्याच्या पुढच्याला. थोडं थोडं बदलत जातं. टोकाची दोघं भेटली तरच जरा अडतं."

"आमची टोकाचीच भेटलीत, आणि थांबतच नाहीत."

हसली. मग डोकं खाजवत म्हणाली, "पण तुमचं काय करू? तुमचं वाक्य गुरमेजआंटींकडं सुरू होतं आणि फजलाननानींकडं जाऊन संपतं. तुम्हाला कुठं ठेवू?"

मी म्हटलं, ठेव कुठंही, मला काय करायचंय. ते मी सहज बोलून गेली. पुढं ऐका.

तो नकाशा गेला कौन्सिलला. का? तर पैसे अर्धे त्यांनी दिलेले, म्हणून एक प्रत त्यांना. तिथं मॉरीन. आमच्या सेंटरची मॅनेजर. गळ्यात कार्ड, कार्डावर हसरा फोटो, आणि बोलताना मान अशी वाकडी करते जशी मी बाळंतीण आहे. एका मंगळवारी जाऊन बघते तर भिंतीवर कागद. नकाशा तोच. पण पिवळं नाही, जांभळं नाही… अर्धा पांढरा, अर्धा काळा, आणि मधोमध… रेघ! सुरीनं केक कापावा तशी! एका बाजूला इंग्रजीत 'पंजाबी', दुसऱ्या बाजूला 'मीरपुरी'. आणि खाली काय? पंजाबी ग्रुपचं जेवण मंगळवारी, मीरपुरी ग्रुपचं गुरुवारी. मिनीबसही तशीच.

कशी आली हो रेघ? सांगा की! इंजिनिअर ना तुम्ही? …प्रिंटर! कौन्सिलचा प्रिंटर ब्लॅक अँड व्हाइट! फिकट होतं ते सगळं पांढरं झालं, गडद होतं ते सगळं काळं झालं, आणि दोन्ही जिथं भेटले तिथं मॉरीनबाईंना सरहद्द दिसली! मोठमोठे साहेब खुर्चीत बसून ज्या रेघा काढतात त्या तरी पेन्सिलीनं काढत असतील. आमची रेघ शाईच्या डब्यानं काढली!

मी गेली तिच्या ऑफिसात. न सांगता, न विचारता. म्हटलं, "मॉरीन, व्हॉट इज धिस?"

"ओह, मिसेस वानखडे, इट्स अबाउट डिग्निटी! एव्हरीवन डिझर्व्ह्ज हर ओन लँग्वेज!"

"त्या दोघी एकमेकींशी बोलतात, बाई!"

"बट दे आर ऑल्वेज शाउटिंग, लव्ह."

घ्या! ओरडतात म्हणून कळत नसणार! अगं, एकमेकींचं कळतं म्हणून तर भांडतात! न कळणाऱ्या माणसाशी कोणी भांडतं का? त्याला नुसतं 'थँक यू, लव्ह' म्हणून सोडून देतात, जशी तू मला देतेस!

आणि तो शब्द… डिग्निटी. आता हसू नका थोडं. माझ्या लहानपणी आमच्या गावात रेघ होती. कागदावर नव्हती, जमिनीवरही दिसत नव्हती, पण घागर घेऊन निघालं की पायाला कळायची. गावातलं शेंबडं पोरगंसुद्धा बोट दाखवून सांगायचं, तू इथंच थांब. ती पुसायला माझ्या बापानं मार खाल्ला, अख्ख्या वस्तीनं आपला धर्म बदलला, आणि मी इथवर, या थंडीत, एवढं आयुष्य काढलं… ते कशासाठी? तर मॉरीननं मला वाकड्या मानेनं सांगावं की, कोणी कोणाच्या शेजारी बसून जेवायचं ते ठरवलंय, आणि तुमच्या भल्यासाठीच ठरवलंय? टेबलावर हात मी असा आपटला की गुरमेजला अभिमान वाटला असता!

ऋजुताला फोन केला. पोरगी धावत आली, विद्यापीठ सोडून. कागद बघितला आणि रडायलाच लागली. "मॉरीन, धिस वॉज अ ग्रेडियंट, यात रंग विरघळत जातात! कलरमध्ये प्रिंट करा, प्लीज!"

मॉरीन म्हणाली, कलर प्रिंटिंगला वरून परवानगी लागते.

मी म्हटलं, मागा.

मागितली. वरून उत्तर आलं, कलर पुढच्या वर्षी बघू. पण आता दोन्ही ग्रुप झाले आहेत, जेवणाचं टेंडर दिलं आहे, मिनीबसचे रूट आखले आहेत, आता मागं फिरता येत नाही. म्हणजे परवानगी रंगाला लागते, रेघेला लागत नाही! सांगा, आता तरी सांगा, रेघ कुठाय? वरच्या मजल्यावर आहे म्हणे, दुपारनंतर भेटते!

गुरमेज पहिल्या मंगळवारी टेबलावर बसली, समोरच्या खुर्चीकडं बघितलं, आणि रोटी न खाता परत गेली. ती बाई! जी माझ्या ताटातली उचलायची! आणि गुरुवारी फजलानबी मिनीबसमधून उतरली, सगळ्यांच्या ओठांकडं एकदा बघितलं, आणि डोळे मिटून बसून राहिली. नंतर मला म्हणाली, "मिकी कुझ नी सुझना." मला काही सुचत नाही.

मग मॉरीननं मला बोलावलं. माझं काय करायचं? कॉम्प्युटरमध्ये पंजाबी आहे, मीरपुरी आहे, आणि खाली 'अदर'. अदरला वार नाही. मी म्हटलं, लिही की मराठी. म्हणाली, लिहायला जागा नाही, नुसतं टिक करायचं असतं. मी म्हटलं, मग सगळ्यांवर टिक कर! आणि ती माझ्या हाताकडं बघत होती, टेबलावर आपटलेल्या… केलं हो तिनं! दोन्हींवर!

तेव्हापासून मी मंगळवारी जेवते आणि गुरुवारीही जेवते. मंगळवारी गुरमेज डबा देते, आणि वर निरोप, "त्या चिमणीला सांग, लोणचं मी घातलंय, तिच्यासारखं पाण्यात बुडलेलं नाही!" आता हा टोमणा मी घरी न्यायचा, मध्ये दोन रात्री सांभाळायचा, विसरायचा नाही, आणि गुरुवारी फजलानबीच्या समोर बसून, तिला दिसेल असं तोंड मोठं उघडून, जालंधरचं मीरपुरी करून, सावकाश… लो-ण-चं… एका मराठी बाईनं… आणि फजलानबी दुपट्ट्यात तोंड लपवून हसते, आणि तिचं उत्तर पुढच्या मंगळवारपर्यंत माझ्याकडं जमा! भांडण शिळं होतं हो! मी काही सोबत मीठ-मसाला घालते का? घालते! नाहीतर पोचेपर्यंत त्यात काय उरतं?

ऋजुता परवा भेटली, म्हणते, "आजी, नकाशात तुम्हाला कुठं ठेवायचं ते अजून कळलेलं नाही."

मी म्हटलं, पोरी, कसली हुशार तू! जग विचारून राहिलं रेघ कुठाय, रेघ कुठाय…

ही काय, तुमच्यापुढं बसलीय. उद्या गुरुवार, लोणचं पोचवायचंय. आणि ती पिशवी सरळ ठेवा म्हटलं ना!