पहिल्या घंटेचा मान

शाळा न्यायाधिकरणाबाहेरच्या बाकावर एका शाळेचा शिपाई आणि तिथलीच सेविका पुकाऱ्याची वाट बघत होते.

"राजाभाऊ, कारकुनाची बढती आता तुमचीच. बळीराम वारला, भांडायला उरलं कोण?"

"तोच."

"काहीतरीच तुमचं."

"आपल्याकडं पहिली घंटा कोण देतं?"

"सगळ्यात जुना शिपाई."

"त्याच्या तेराव्यापासनं मी फाटकाचं कुलूप काढायच्या आत घंटा होतीय, यशोदाबाई. पोरं बाहेरच रांगेत उभी राहत्यात."

"वकिलांना सांगितलं?"

"गप्प बसा म्हणाले. पहिली घंटा देतो तोच ज्येष्ठ, हा मुद्दा आपणच मांडलाय."

पट्टेवाल्यानं बळीरामचं नाव पुकारलं. राजाभाऊंनी पाय आखडून वाट करून दिली.